मिठाच्या खणात न सापडलेलं प्रथिन

आजी ज्या आजाराने गेली, तोच शाल्मलीच्या आईलाही असल्याचं त्याच दिवशी कळलं. त्यात मूत्रपिंडाच्या पेशींत मीठ साचत जाई, पेशी फुगत आणि मरत.

शाल्मलीचे आबा, म्हणजे आईचे वडील, शास्त्रज्ञ होते. त्यांनी तिला सांगितलं होतं, की प्रत्येक पेशीभोवती पटल (पातळ पडदा) असतं आणि त्यात वाहतूक प्रथिनं (पदार्थ आतबाहेर नेणारे मोठे रेणू) बसलेली असतात. आजीच्या पेशींतलं असं एक प्रथिन बिघडलं आणि मीठ आत आणतच राहिलं. मीठ वाहणाऱ्या प्रथिनांना अडवणारी सगळी औषधं देऊन झाली. एकही लागू पडलं नाही. का, ते कोणालाच कळेना.

तिसऱ्या दिवशी नातेवाईक समाचाराला आले. दारात आबांच्या प्रयोगशाळेतला यंत्रमानव गोटू उभा होता. दूध आणलेल्यांना त्याने बाहेरच्या खोलीत बसवलं, भाकऱ्या आणलेल्यांना आतल्या. आजीचे दोघे भाऊ दोन खोल्यांत गेले.

"अरे मेल्या, तो माझा सख्खा भाऊ आहे," त्यांतले बापूआजोबा वैतागले.

"त्यांनी दूध आणलं. तुम्ही भाकरी," गोटू म्हणाला.

"कोणी शिकवलं रे तुला?"

"आबांनीच," शाल्मली म्हणाली. "पण आबा, ते भाऊ आहेत हे नुसतं बघूनही कळतं. दोघांचे कान आजीसारखेच आहेत. हातात काय आहे ते कशाला बघायचं?"

आबा म्हणाले, "आम्ही प्रथिनंही अशीच लावली आहेत. मीठवाली एका खणात, साखरवाली दुसऱ्या."

"मग कशी लावायची?"

"आधी बघायचं, काम कसं करतं. काही वाहिन्या असतात (उघडल्या की पदार्थ आपोआप वाहतो). काही पंप (ऊर्जा खर्चून पदार्थ ढकलणारे). काही वाहक. त्यांचं बाहेरचं तोंड उघडं असलं, की आतलं बंद; पदार्थ आत शिरला, की उलट. मग बघायचं कूळ. प्रथिन म्हणजे अमिनो आम्लांची (छोट्या रेणूंची) माळ. दोन माळांमधला मण्यांचा क्रम बराचसा जुळला, तर त्यांचा पूर्वज एक. काय वाहतात, ते सगळ्यात शेवटी. एकाच कुळात कोणी साखर वाहील, कोणी मीठ."

"म्हणजे एक भाऊ दूध, एक भाऊ भाकरी."

"तसंच."

माणसं बसलेली असतानाच आबांनी गोटूला सगळ्या माळा नव्याने जुळवायला लावल्या.

"आजच्या दिवशी तरी काम ठेवायचं बाजूला," कोणीतरी कुजबुजलं.

"लेक आजारी आहे माझी," आबा म्हणाले.

संध्याकाळी उत्तर आलं. आजीचं प्रथिन वाहक होतं आणि त्याची भावंडं साखरेच्या खणात होती, म्हणून मीठवाल्यांची औषधं त्याला लागू पडली नव्हती. त्यांतल्या एका भावंडाला अडवणारं औषध प्रयोगशाळेत होतं. काचपात्रात ठेवलेल्या आजीच्या पेशींवर गोटूने ते घालून पाहिलं. मीठ थोडा वेळ थांबलं, मग औषध प्रथिनातून सुटलं आणि मीठ पुन्हा आत येऊ लागलं.

"आई बरी होईल?" शाल्मलीने विचारलं.

"कुठे शोधायचं ते आता कळलं. आजीच्या वेळी तेवढंही कळलं नव्हतं."

आईच्या प्रथिनात घट्ट बसेल असं औषध अजून बनायचं आहे.