जुन्या धावपट्टीवरचे कंदील

निशिगंधा माझी मावसबहीण. हे तिनं मला नृसिंहवाडीला, दत्ताच्या घाटावर बसून सांगितलं. तिथं बसून ती खोटं बोलणार नाही, एवढं मला पक्कं ठाऊक आहे.

घटना गेल्या पौषातली. दिवस मावळतानाची.

कोल्हापूर जिल्ह्यात, पार कर्नाटकाच्या हद्दीला लागून एक माळ आहे. त्यावर विमानतळ. नाव लिहीत नाही, तिची नोकरी अजून तिथंच आहे.

अर्धा माळ लष्कराचा, अर्धा प्रवाशांचा. मधे दुसऱ्या महायुद्धातली जुनी धावपट्टी. उखडलेली, बंद. पाणी काढायला तिच्यावर आडवा खोल चर मारलेला.

विमान उतरायच्या आधी जीपमधून नवी धावपट्टी तपासायची, हे निशिगंधाचं काम. कुत्रं, दगड काही आडवं नाही ना, ते बघायचं. जीप चालवायला ईरप्पा. निवृत्तीला आलेला, कमी बोलणारा.

बरेच दिवस तिला एकच गोष्ट खटकत होती.

जुन्या पट्टीजवळून जाताना रॉकेलचा वास यायचा...

आसपास घर नाही, चूल नाही. मग रॉकेल कुठलं?

एकदा ती खाली उतरली. पट्टीच्या कडेला गवतात काळी वर्तुळं होती. सारख्या अंतरावर, ओळीनं. तिनं एकावर बोट ठेवलं...

गरम होतं.

तिचा संशय सरळ ईरप्पावर गेला. रोज तिच्या आधी येऊन माळावर एकटा फिरणारा तोच होता.

"ईरप्पा, इथं काय पेटवता तुम्ही?"

"मी कशाला पेटवू म्याडम?" तो तिच्याकडं न बघता म्हणाला. "आमचा अज्जा, बापाचा बाप, पेटवायचा. लढाईच्या वक्ताला. तवा लाईट कुठली? कंदील मांडूनच इमानं उतरवायची."

"मग?"

"एक इमान आलंच न्हाय. अज्जा मरस्तवर म्हणायचा, त्येचं कंदील मी काय इझवलं न्हाईत."

निशिगंधाला पटलं नाही. गोष्टी सांगून हा माणूस काहीतरी लपवतोय, असंच तिला वाटलं. दुसऱ्या दिवशी तिनं त्याला दुपारपासून नजरेआड होऊ दिलं नाही. चहालासुद्धा बरोबर नेलं.

दिवस मावळला. माळावर धुकं उतरलं. प्रवाशांचं विमान यायच्या बेतात होतं. दोघांनी धावपट्टी तपासली आणि मग दोघं जुन्या पट्टीच्या कडेला जीप लावून थांबली.

तेवढ्यात धावपट्टीचे दिवे गेले.

सगळा अंधार.

आणि डाव्या हाताला, तिच्या बाजूला... एक पिवळा ठिपका लागला.

मग दुसरा. मग तिसरा...

जुन्या पट्टीच्या दोन्ही कडांनी कंदील पेटत चालले होते. लावणारं कुणीच दिसत नव्हतं.

तिनं शेजारी बघितलं. ईरप्पाचे दोन्ही हात स्टिअरिंगवर होते.

वर विमानाचे दिवे दिसले. आणि ते वळले.

कंदिलांच्या दिशेनं. चराच्या दिशेनं.

तिनं वॉकीटॉकी ओढला. "टॉवर, विमान वर घ्या! चुकीच्या पट्टीवर येतंय! टॉवर, ऐकताय की नाही?"

पलीकडं नुसती खरखर.

अगदी शेवटच्या क्षणी विमानानं नाक उचललं. डोक्यावरून गरजत गेलं आणि धुक्यात नाहीसं झालं. निशिगंधाला रडू फुटलं.

पण आवाज थांबला नाही...

हा दुसराच आवाज होता. खडखडणारा. खोकणारा. कुठल्यातरी जुनाट इंजिनाचा. तो खाली येत होता.

आकाशात काहीच नव्हतं.

गवत एकदम आडवं झालं. चाकं घासत गेल्याचा आवाज जीपपुढून सरकला. चर ओलांडून गेला, जणू तिथं चर नव्हताच. मग इंजिन बंद पडलं.

रातकिडासुद्धा ओरडेना.

दूरच्या टोकाचा कंदील विझला. मग त्याच्या अलीकडचा...

एकेक विझवत कुणीतरी जीपकडं येत होतं.

शेवटचा कंदील तिच्या दारापाशीच होता.

"फू..."

तिच्या गालाला वारा लागला.

जनरेटर धडधडला. दिवे आले. जुनी पट्टी रिकामी होती.

विमान दुसऱ्या खेपेला सुखरूप उतरलं. वैमानिक म्हणाला, कंदील मी डोळ्यांनी बघितले. टॉवरवाले म्हणाले, आम्हाला तर काहीच दिसलं नाही. खरं कोण बोलत होतं?

ईरप्पानं जीप इमारतीजवळ आणून उभी केली. खाली उतरला. मागं कुणीही बसलेलं नव्हतं, तरी त्यानं मागचं दार उघडलं...

आणि धरून उभा राहिला.

जरा वेळानं त्यानं ते हलकेच लावलं.

"ईरप्पा... हे काय?"

"उतराय नको व्हय म्याडम? लई लांबनं आलंय त्ये."

ईरप्पा लवकरच निवृत्त होऊन गावी गेला.

रॉकेलचा वास आता येत नाही. पण निशिगंधा अजून मला विचारते, ते आपलं आपण आलं... की ईरप्पानंच बोलावून घेतलं?

आणि दार उघडल्यावर ते गेलं कुठं?