पांगून चाला

"तुम्हीच का त्या खोडरबर?"

तिने नकाशावरून मान वर केली. तोंडावर असं विचारायची ऑफिसात कुणाची टाप नव्हती! नाव मात्र खोटं नव्हतं. वरच्या माळावर चालणाऱ्यांच्या पायांनी कुठे पायवाट पडायला लागली, की बाईसाहेब ती नकाशावरून खोडून दुसरीकडून रस्ता आखायच्या. गवताला जरा दम खाऊ दे, म्हणायच्या.

"हो, मीच. आणि तुमच्या बुटांचा चिखल माझ्या फरशीवर आलाय."

"पुसू... की दुसरीकडून येऊ?"

तिला हसू आवरलं नाही, तिथेच सगळा घोळ झाला.

तो सुतार होता. माळावरच्या तळ्यापर्यंतचा रस्ता आखून हवा होता त्याला. मग दर शनिवारी स्वारी हजर. कधी चढ जास्त वाटतो, कधी ओढा आडवा येतो. बहाणे तिला कळत होते, पण शनिवारी ती वेणी दोनदा घालायला लागली होती. 'तुम्ही'चं 'तू' कधी झालं, दोघांनाही कळलं नाही.

चौथ्या शनिवारी चहा पिता पिता तो म्हणाला, "माझा धाकटा भाऊ गेल्या वर्षी त्या माळावरच गेला गं. पाच जण होते, पण पांगून चालत होते. धुकं आलं, आणि हा एकटाच कड्याकडे... का पांगले, देव जाणे."

तिने हातातला कप खाली ठेवला. माळावर जाणाऱ्यांना ऑफिसातून जो नकाशा मिळायचा, त्याच्या मागची सूचना तिनेच लिहिली होती. 'गवतावर वाट पडू नये म्हणून एकामागे एक चालू नका. पांगून चाला.' धुक्यात एकत्र या, हे लिहायचं राहून गेलं होतं. अपघातानंतर तिने गुपचूप ती ओळ घातली.

सांगितलं तर हा जाईल. दोन महिने ती गप्प राहिली. त्याच्यावर जीव जडला होता, आणि त्याचीच तिला शरम वाटत होती.

शेवटी तळ्याकाठी, त्याच्यासोबत उभी असताना, तिने सांगून टाकलं.

"म्हणजे दोन महिने माहीत होतं तुला?"

"हो... तू जाशील, म्हणून भ्याले."

तो परत निघाला. माळावर धुकं उतरायला लागलं होतं. तीही निघाली, सवयीने त्याच्यापासून लांब, बाजूच्या गवतातून.

तो गर्रकन वळला. "तिकडे कुठे चाललीस?"

"गवत—"

"मरू दे ते गवत! माझ्या मागे ये." त्याचा आवाज फाटला. "माफ नाही केलेलं. जमेल की नाही, माहीत नाही. पण तुलाही इथे घालवू का मी? पावलावर पाऊल टाक."

तिने त्याच्या सदऱ्याचं टोक धरलं. पुढचं काही दिसत नव्हतं. दर दहा पावलांवर तो विचारत होता, "आहेस ना?"

"आहे."

त्या दिवशी धाकट्याला हे कुणी विचारलं नव्हतं. ती रडत रडत दर वेळी उत्तर देत राहिली.