भाडं घ्या की, अण्णा

खोटं सांगून मला काही मिळणार नाही. उलट काकूंची बोलणी तेवढी बसतील.

तरी सांगतो. घडलं ते गेल्या श्रावणात, भरदुपारी, बेळगावच्या कोर्टाच्या व्हरांड्यात. मी तिथं होतो.

हरिभाऊ माझे सख्खे काका. माणूस गोड. साखर मात्र कायम दुसऱ्याच्या डब्यातली.

शहापुरात त्यांच्या घरामागच्या खोलीत राजाबाई भाड्यानं राहायची. एकटी बाई, मच्छे गावातल्या कारखान्यात कामाला. एक तारखेला सकाळी ती पुढच्या दाराशी यायची. कडीवर बांगडी वाजवायची.

किण… किण…

"अण्णा, भाडं आणलंय. घ्या की."

"राहू दे गं आक्का. पळून चाललीयस होय? नंतर बघू."

असं कित्येक महिने. बाईला वाटलं, देवमाणूस.

मग काकांनी दावा लावला. भाडं थकलंय, खोली खाली करून द्या. बाईकडं पावती एकही नाही. निकाल काकांच्या बाजूनं.

"मी घिऊन आलती की न्हाय? तुम्हीच नगं म्हणलासा!" ती अंगणात ओरडली.

"साक्षीदार आण," काका हसत म्हणाले.

राजाबाईनं अपील केलं. तेवढ्यापुरती खोली वाचली. पण फी थकल्यावर वकिलानं अंग काढून घेतलं. तारखेआधी ती कणकुंबीला बहिणीकडं गेली, आणि तापानं तिथंच संपली.

फोन काकांना आला. त्यांनी फक्त मला सांगितलं, तेही डोळा मारून.

"कुठं बोलू नकोस सुहास. बाई गैरहजर, अपील फेटाळलं, ताबा आपला."

पुढची एक तारीख आली. आम्ही चहा पीत होतो.

किण… किण…

काकूंनी दार उघडलं.

कुणी नव्हतं.

"मांजर असेल," काका म्हणाले.

मांजर बांगड्या कधीपासून घालायला लागलं, हे मी विचारलं नाही.

अपिलाच्या दिवशी शिपायानं दारात येऊन पुकारा केला.

"राजाबाई परशराम… इद्दारेन्री?" म्हणजे, हजर आहेत का?

काकांनी मला कोपरानं ढोसलं.

दुसऱ्यांदा. कुणी नाही. काका मिशीत हसले.

तिसऱ्यांदा…

"हाय रं बाबा. आले."

आवाज राजाबाईचा होता. अगदी जवळून आला. मी वळून बघितलं…

काकांचं तोंड उघडं होतं.

डोळे काकांचेच होते, भ्यालेले. पण ओठ हलत होते.

"आले. अपील माझंच हाय."

ते चालत आत गेले आणि भाडेकरूच्या जागी उभे राहिले. लोक हसले. पुढची तारीख पडली.

आम्ही ताबा मागायला गेलो होतो. ताबा झाला. कुणी कुणाचा घेतला, एवढाच घोळ.

त्या दिवसापासून काका मागच्या खोलीत राहतात. तिचं कुलूप त्यांनी कशानं उघडलं, माहीत नाही. किल्ली तर कणकुंबीत तिच्याबरोबर जळाली.

एक तारखेला पुढच्या दाराची कडी वाजते. काकांच्या हातात बांगडी नसते. तरीही… किण… किण…

"अण्णा, भाडं आणलंय. घ्या की." हे सख्ख्या बायकोला!

आमच्या वकिलांनी काकूंना बजावलंय, एक रुपयासुद्धा घेऊ नका. घेतला, तर भाडेकरू मान्य केल्यासारखं होईल.

म्हणून काकू दार किलकिलं करतात आणि गोड आवाजात म्हणतात, "राहू दे. नंतर बघू."

मग ते उंबऱ्याशी बसून रडतात.

रडण्याचा आवाज मात्र काकांचा असतो.

सोमवारी पुन्हा तारीख आहे. काकांना आता चालवत नाही. काकूंनी मला एकट्याला जायला सांगितलंय. शिपाई तीनदा तिचं नाव घेणार…

मी तोंडाला रुमाल घट्ट बांधून जाणार आहे.