भिंतीकडे तोंड

मेट्रोत तो चुकून बायकांच्या डब्यात शिरला, हातात ट्रम्पेटची पेटी. आईशी फोनवर चाललेली वादावादी तोडून तनयाने त्याला दटावलं, "भाईसाब, लाइन के पीछे! जुर्माना लगेगा."

"आधी आईशी नीट बोला, मग जातो," तो चक्क मराठीत म्हणाला.

हा रुहान. वडील रत्नागिरीचे, आई मात्र अशा देशातली, जिथे जॅझ वाजवणं गुन्हा होता. योगायोग बघा, शनिवारी दुपारी तो वाजवणार होता तनयाच्याच हॉटेलात! हॉटेलचं इन्स्टाग्राम तीच सांभाळायची.

शनिवारपर्यंत रोजच्या भेटींत दोघांचं चांगलंच जमलं. आणि शनिवारी स्वारी लोकांकडे पाठ करून उभी.

"लाजतोस की काय?"

"सवय आहे गं. तिकडे आईच्या तळघरात आम्ही सगळे भिंतीकडे तोंड करून वाजवायचो. पकडलं तरी कुणी कुणाला पाहिलेलं नसायचं." तो हसला. "व्हिडिओ काढ... पण चेहरा नको. आई अजून तिथेच आहे."

"प्रॉमिस."

पण वाजवता वाजवता तो नकळत वळला. मिटलेले डोळे, कपाळावर घाम... इतका देखणा दिसला, की तिला राहवलं नाही. तिने तेवढाच तुकडा टाकला, वर त्याचं नावही लिहिलं.

तीन दिवसांनी तिकडे त्याच्या आईला पोलिसांनी उचललं. दोन दिवसांनी सोडलं, पण तळघराला सील ठोकलं. रुहानच्या नजरेस पडण्याआधीच तनयाने व्हिडिओ घाईघाईने काढून टाकला होता.

"कुणा पाहुण्याने टाकला असेल," रुहान म्हणाला, आणि तिने मान डोलावली! त्या मान डोलावण्याची तिला जास्त लाज वाटली. आठवडा असाच गेला.

शेवटी करामा भागातल्या कॅफेटेरियात तिने सांगून टाकलं. "मीच टाकला. तू आवडतोस म्हणून... आणि वर खोटं वागले." मान वर करायची हिंमत होईना.

रुहानने चहाचा पेला बाजूला सरकवला. "काल आईचा फोन आला," तो म्हणाला. "चौकशीत तिला तो व्हिडिओ दाखवला. वाजवताना माझा चेहरा तिने आयुष्यात पहिल्यांदा पाहिला. त्या साहेबाला म्हणाली, पुन्हा लावा."

तनयाला रडू फुटलं.

"व्हिडिओ टाकणाऱ्याला तिने माफ केलंय. मी अजून नाही."

"मग... मी निघू?"

"राग आलाय, तनया. प्रेम कुठे संपलंय? बस इथेच."

ती बसून राहिली. लाज काही कमी झाली नव्हती, पण त्याने तिचा हात धरला होता.