नागपूरच्या बाई आणि इंदूरचे गृहस्थ

"तुम्ही कुठून आलात, आजी?"

शनिवारवाड्याच्या दिल्ली दरवाजासमोर त्या मुलीने मला विचारलं, आणि मी... मी नागपूर म्हणाले.

आता का म्हणाले, ते सांगते. माझ्याआधी बोललेली मंडळी भोपाळ, कोची, बंगळूर अशी लांबलांबून आलेली होती. त्यांनी पुणं बघायला येणं बरोबरच होतं. पण माझा जन्म सदाशिव पेठेतला, शाळा तिथलीच, आणि लग्न होऊन गेले तीही दोन गल्ल्या सोडून. अशा बाईने पैसे भरून, गळ्यात नावाची पट्टी अडकवून, कोणाच्या तरी मागे मागे पुणं बघत हिंडायचं? आमच्या सोसायटीच्या जिन्यात हा विषय वर्षभर पुरला असता. नाव माझ्या नातीने, ओवीने, परस्पर नोंदवलं होतं. "आजी, घरात बसून भिंतींशी बोलतेस, त्यापेक्षा चार माणसांशी बोल," असं म्हणाली होती.

म्हणून नागपूर. सुरात थोडा गोडवाही घातला.

"वॉव. आणि काका, तुम्ही?"

माझ्या मागून कोणीतरी खाकरलं. "इंदूर."

मी वळून पाहिलं. उंच, किंचित वाकलेले गृहस्थ. राखाडी स्वेटर, कानांवरून घट्ट गुंडाळलेला मफलर. जानेवारीची सकाळ होती, कोवळं ऊन अजून बुरुजाच्या वरच्या चिऱ्यांवरच थबकलं होतं. त्यांचे डोळे हसत नव्हते, पण हसण्याच्या बेतात होते.

गाइड मुलीचं नाव शेफाली. हातात लाल छत्री, पाऊस नसताना. "गाइज, पुढे बाजारात खूप गर्दी असते आणि माणसं हरवतात. सो आपण जोड्या करतो. प्रत्येकाने आपल्या जोडीदाराकडे लक्ष ठेवायचं. मी विचारलं की 'आहे' म्हणायचं. ओके?" मग तिने आमच्याकडे पाहिलं. "नागपूर आणि इंदूर, तुम्ही दोघं एकत्र."

"श्याम मेहेंदळे," ते म्हणाले.

"कुसुम आठल्ये."

"हरवण्याची सवय आहे का?"

"अजून तरी नाही लागली. तुम्हाला?"

"लावून घेईन म्हणतो."

पुणेरी असते तर अशा बोलण्याला मी तिथल्या तिथे उत्तर दिलं असतं. पण नागपूरच्या बाईने काय करावं ते मला माहीत नव्हतं. म्हणून मी नुसती हसले... आणि हसल्यावर लक्षात आलं, की खूप दिवसांनी कोणा अनोळखी माणसाकडे पाहून हसले.

लाल महालाकडे जाताना शेफाली तिच्या परीने इतिहास सांगत होती. मुलगी गोड होती, पण सनावळ्यांशी तिचं काही जुनं भांडण असावं. एका ठिकाणी तिने पेशव्यांचा क्रम असा काही लावला, की मी बोलायला तोंड उघडलं आणि झटकन खोकला काढला. त्याच क्षणी मेहेंदळेही खोकले.

"थंडी," मी म्हणाले.

"हो, बाधली. आमच्या इंदूरला अशी नसते."

"कशी असते?"

त्यांनी जरा विचार केला. "असते आपली... थंडीसारखी. आणि नागपूरला?"

"तिथेही तशीच."

कसबा गणपतीला सगळ्यांनी चपला काढल्या. देवळात वाकून नमस्कार केला, वळले, तर मेहेंदळे माझ्या पायांकडे बघत होते. मग माझ्याही लक्षात आलं. मी सवयीने एक चप्पल पायरीशी ठेवली होती आणि दुसरी पार फुलवाल्याच्या टोपलीमागे. जोडी फोडून ठेवली की चपला चोरीला जात नाहीत, हे माझ्या आईने शिकवलेलं. मी मान खाली घालून त्यांचे बूट शोधले. एक दाराशी होता. दुसरा समोरच्या ओट्यावर.

"इंदूरला असेच ठेवतात का?" मी विचारलं.

"चोर सगळीकडे असतात हो. नागपूरला?"

"आमच्याकडे चोरही संत्री खाऊन शांत असतात. पण म्हटलं, परक्या गावात सावध असावं."

"बरोबर," ते गंभीरपणे म्हणाले आणि आपला दुसरा बूट आणायला ओट्याकडे गेले. येताना माझी टोपलीमागची चप्पलही त्यांनी दोन बोटांत धरून आणली आणि माझ्या पायाशी अलगद ठेवली. या वयात कोणी पायाशी चप्पल आणून ठेवतं तेव्हा काय बोलायचं असतं?

तेव्हा मला संशय आला होता. पण लक्ष्मी रस्ता ओलांडताना त्यांनी चौकातल्या वाहतूक पोलिसाला विचारलं, "अहो, हाच का तो लक्ष्मी रस्ता?" इतक्या भाबड्या चेहऱ्याने, की माझा संशय विरघळला. तो पोलीस त्यांच्याकडे बराच वेळ बघत राहिला. पुण्यातलं कोणीही असा प्रश्न विचारणार नाही. मरण पत्करेल.

चालता चालता आम्ही मागे पडलो. शेफालीची लाल छत्री पुढे डुलत होती.

"बरोबर कोणी आलं नाही?" त्यांनी विचारलं.

"बरोबर येणारे होते. आता नाहीत." मी पदर खांद्यावरून ओढून घेतला. "तुमच्या?"

"तसंच. तिला फिरायला आवडायचं नाही फारसं. मला म्हणायची, तुम्ही जा आणि येऊन सांगा." थोडं थांबून ते म्हणाले, "जाण्याचं काही नसतं हो. येऊन सांगायचं कोणाला, तेवढंच अडतं."

मी चाल त्यांच्या बेताची केली, म्हणजे त्यांना माझ्यासाठी थांबावं लागणार नाही आणि मला त्यांच्यासाठी धावावं लागणार नाही. पावलं आपोआप जुळली.

विश्रामबागवाड्यासमोर शेफालीने सगळ्यांना उभं केलं. वर लाकडी सज्जा, खाली वाहनांची ही रांग. तिने हातातल्या टॅबवर एक काळापांढरा फोटो दाखवला. पानशेतचं धरण फुटलं त्या वर्षीचा. पाण्यात बुडालेलं पुणं, छपरावर बसलेली माणसं. "इमॅजिन, गाइज. लोक सगळं सोडून पर्वतीवर पळाले होते."

बंगळूरच्या मुलांनी माना डोलावल्या. माझ्या डोळ्यांपुढे मात्र फोटो नव्हता. मी वडिलांच्या खांद्यावर होते. एका हातात त्यांचे केस, दुसऱ्या हातात शेजारच्यांनी दिलेला गुळाचा खडा. पर्वतीवर इतकी माणसं आणि इतकी शांतता मी पुन्हा कधी पाहिली नाही. मुलंसुद्धा रडत नव्हती.

"मी होतो तिथे," मेहेंदळे हळूच म्हणाले.

मी चमकून बघितलं.

"आत्याकडे आलो होतो सुट्टीत... म्हणजे, इंदूरहून. अगदी लहान होतो. पर्वतीवर एका बाईने आम्हा सगळ्या पोरांना ओळीने बसवलं आणि भिजलेले पोहे वाटले. मीठ नव्हतं त्यांत. पण तशा चवीचे पोहे पुन्हा मिळाले नाहीत."

ते पोहे मी खाल्ले होते. कोणी वाटले ते आठवत नाही, पण मीठ नसल्याचं आठवतं. गुळाचा खडा त्या पोह्यांबरोबर पुरवून पुरवून खाल्ला होता मी. त्या ओळीत मी असेन. त्यांच्या शेजारी असेन, नसेन, पण त्याच ओळीत. हे सांगण्यासारखं माणूस मला इतक्या वर्षांत भेटलं नव्हतं. ज्यांना सांगता आलं असतं ती सगळी गेली.

आणि मी नागपूरची होते.

ओठांपर्यंत आलेलं गिळलं. "अरे वा," एवढंच म्हणाले. तो शब्द माझा मलाच इतका परका वाटला, की पुढे तुळशीबागेत कोणती दुकानं पाहिली ते आठवत नाही. पितळी भांड्यांवर ऊन चमकत होतं, बायका बांगड्या हातात चढवून बघत होत्या, मेहेंदळे मधून मधून माझ्याकडे बघत होते. त्यांना वाटलं असावं, दमले.

"आहे?" शेफालीने पुढून विचारलं.

"आहे," ते माझ्या वतीने म्हणाले.

शेवटचा मुक्काम मंडई. तिथलीच मला सकाळपासून धास्ती होती. मंडईत माझी भाजीवाली यमुनाबाई बसते. मी लग्न होऊन आले तेव्हा तिची सासू बसायची, आता ती. आठवड्यातून दोनदा मी तिच्याकडे जाते आणि एकदा तरी भांडते. तिने हाक मारली की संपलं. मी पदर डोक्यावरून घेतला आणि मेहेंदळ्यांच्या पलीकडच्या बाजूला झाले.

"ऊन लागतंय?" त्यांनी विचारलं.

"थोडं."

त्यांनी काही न विचारता आपली उंच आकृती माझ्या आणि बाजाराच्या मध्ये धरली. यमुनाबाई कोणाशी तरी फ्लॉवरवरून हुज्जत घालत होती. तिने मान वर केली नाही. आम्ही पार झालो. मी वाचले.

मंडईच्या उंच मनोऱ्याखाली शेफालीने सगळ्यांचे आभार मानले, छत्री मिटली, फोटो काढले. एकेक जोडी सुटत गेली. आम्ही दोघंच उरलो.

"तुमची गाडी किती वाजता?" मी विचारलं.

"रात्रीची आहे. तुमची?"

"माझीही."

"वेगवेगळ्या दिशांच्या."

"हो..."

त्यांनी मफलर सोडून पुन्हा बांधला. त्याची काही गरज नव्हती. "बरं वाटलं," ते म्हणाले. "तुम्ही फार बोलला नाहीत. पण बरं वाटलं."

आणि ते वळले. मीही वळणार होते. घर इथून चालत जवळ, एक वाजायच्या आत पोचले असते, कुकर लावला असता. संध्याकाळी वारज्याहून आमोदचा फोन आला असता, 'आई, कसं झालं?' मी म्हणाले असते, छान झालं. माझी लबाडी कोणाला कळली नव्हती. सकाळपासून मला हेच तर हवं होतं. आणि आता ते हातात आलं, तर पर्वतीवरचे ते पोहे घेऊन मला एकटीलाच घरी जावं लागणार होतं.

"मेहेंदळे," मी हाक मारली. "थोडं थांबा. एका व्यक्तीशी तुमची ओळख करून द्यायची आहे."

"इथे? तुमच्या ओळखीचं?"

"चला तर."

मी डोक्यावरचा पदर खाली घेतला आणि सरळ यमुनाबाईच्या गाळ्यासमोर जाऊन उभी राहिले. हसण्यावारी नेतील, की चिडतील? खोटं बोलणाऱ्या म्हातारीला माणूस काय म्हणतो?

यमुनाबाईने मान वर केली. "अगं बया, काकू. आज ऐतवारी कशा? आन रिकाम्या हातानं? पिशवी घरी इसरली व्हय?"

मी मेहेंदळ्यांकडे न बघता म्हणाले, "मी नागपूरची नाही. नागपूर मी पाहिलेलंही नाही. सदाशिव पेठेत राहते. लाज वाटली म्हणून बोलले."

शेवटी मला त्यांच्याकडे बघावंच लागलं. ते माझ्याकडे बघत नव्हते. यमुनाबाईकडे बघत होते, आणि मफलर हळूहळू नाकापर्यंत वर घेत होते.

"आन मेहेंदळे काका," यमुनाबाई म्हणाली, "तोंड झाकून काय हुतंय? कालची मेथी पुन्हा परत करायची आसंल, तर आत्ताच सांगते, न्हाई घेणार. मेथीला माती आसतीच. ती काय कपाटात उगवती?"

मी कमरेवर हात ठेवले. "कालची मेथी?"

मफलर खाली आला. "नारायण पेठ," ते म्हणाले. "जन्मापासून."

"आणि इंदूर?"

"तुम्ही इतक्या ठसक्यात नागपूर म्हणालात. आता एवढ्या लांबून आलेल्या बाईंसमोर मी नारायण पेठ कशी सांगणार?"

"आणि इथे आलात कशाला?"

"खरं सांगू? महिनाभर कोणाशी वाद झाला नव्हता. म्हटलं, गाइडच्या चुका काढू. पहिल्याच वाक्याला इंदूरचा झालो. मग नुसता खोकत बसलो." त्यांनी सुस्कारा सोडला. "तो वाहतूक पोलीस आमच्याच चौकातला आहे. रोज नमस्कार करतो मला. उद्यापासून कोणत्या रस्त्याने जाऊ ते तुम्हीच सांगा."

मला हसू आवरेना. गाळ्याच्या खांबाला धरून हसले. यमुनाबाई आमच्याकडे बघत राहिली, डोकं फिरलेल्या गिऱ्हाइकांकडे बघावं तशी.

हसू ओसरल्यावर मी म्हणाले, "ते पोहे. पर्वतीवरचे. मीही खाल्ले."

त्यांच्या चेहऱ्यावरचा सगळा मिश्कीलपणा उतरला. बाजाराचा गलका चालूच होता, पण त्यांनी माझं बोलणं ऐकायला मान जवळ आणली.

"मीठ नव्हतं," मी म्हणाले.

"नव्हतं," ते म्हणाले. "आणि मला आत्या नाही. आम्ही घरचेच होतो सगळे."

"ते आता कळलं."

"तुम्ही कुठे होतात? देवळाच्या बाजूला, की पायऱ्यांवर?"

"सांगते. पण उभ्या उभ्या सांगण्यासारखं नाही ते. वेळ लागेल."

"मला कुठे गाडी पकडायची आहे?"

त्यांनी स्वेटरच्या आत हात घातला आणि शर्टाच्या खिशातून घडी घातलेली कापडी पिशवी काढली. इंदूरचे गृहस्थ. मग आणखी एक काढली, आणि अगदी सहज माझ्यापुढे धरली.

"मटार चांगला आलाय," यमुनाबाई म्हणाली. तिच्या दृष्टीने आमचं काय चाललं होतं ते पुरे झालं होतं, मागे दोन गिऱ्हाइकं खोळंबली होती. तिने ओंजळी भरभरून हिरव्यागार शेंगा तराजूत टाकल्या, तराजू उचलला आणि आम्हा दोघांकडे आळीपाळीने बघितलं. "बोला लवकर. येकाच पिशवीत घालू, का दोन?"

मेहेंदळे दोन्ही पिशव्या हातात घेऊन माझ्याकडे बघत राहिले... मी त्यांच्या हातातली एक पिशवी घेतली, घडी घालून त्यांच्याच खिशात परत ठेवली आणि यमुनाबाईला म्हणाले,

"एकाच."