दुसरा टेक

ओमिओ गावाच्या अलीकडच्या वळणावर टॅम्सिनने करकचून ब्रेक दाबला, तेव्हा पाऊस काचेवर आडवा आपटत होता. रस्त्याच्या मधोमध एक घोडी पडली होती, आणि तिचं डोकं मांडीवर घेऊन एक माणूस चिखलात बसला होता.

तिने काच खाली केली. "मदत हवीय का?"

"लाकडाचा ट्रक ठोकून गेला," तो मान वर न करता म्हणाला. "जनावरांचा डॉक्टर निघालाय. छत्री आहे तुमच्याकडे?"

"तुमच्यासाठी?"

"मला काय करायचीय? हिच्या डोळ्यात पाणी जातंय."

टॅम्सिन उतरली आणि घोडीच्या डोळ्यांवर छत्री धरून उभी राहिली. पाच मिनिटांत तिची पाठ भिजली, दहा मिनिटांत बुटांत पाणी शिरलं. मग कुठे त्याने तिच्याकडे नीट पाहिलं... आणि पाहतच राहिला.

"तुम्ही त्या मालिकेतल्या नर्स ना? माझी आई एक दिवस चुकवायची नाही. मग बघता काय, करा की काहीतरी!"

"मला नाडी बघितल्यासारखं करता येतं," ती म्हणाली. "आणि पेशंट गेला की खिडकीबाहेर बघता येतं. बस."

तो हसला. आणि अशा वेळी हसू आलं म्हणून इतका ओशाळला की चटकन मान खाली घालून घोडीच्या कपाळावरून हात फिरवत बसला. त्या ओशाळण्यावरच टॅम्सिन भाळली. पण हे तिला फार उशिरा कळलं.

डॉक्टर आला, त्याने पाय पाहिले, इंजेक्शन भरलं. घोडीचे कान आधी सैल पडले. त्या माणसाने ओला कोट काढून तिच्या तोंडावर घातला आणि उठताना टॅम्सिनला म्हणाला, "क्लेम हॅनिगन. भेट बरी नाही झाली, पण तुम्ही थांबलात."

क्लेमचा धंदा घोड्यांचा. डोंगरातल्या त्याच्या कुरणावर एकोणीस घोडे होते. शूटिंगसाठी घोडे शिकवून तयार करायचे, आणि नटनट्यांना त्यांच्यावर बसवायचं, हे त्याचं काम. अन् टॅम्सिन मेलबर्नहून इतक्या लांब आली होती ती नेमकी असाच एखादा माणूस शोधायला.

तिची गोष्ट तशी चारचौघींसारखीच सुरू झालेली. बेंडिगो गावच्या एका न्हाव्याची मुलगी, एकोणिसाव्या वर्षी मालिकेत नर्स झाली. आठ वर्षं लोक तिला बाजारात थांबवून गुडघेदुखीवर औषध विचारत. मग एके दिवशी लेखकांनी त्या नर्सला अपघातात मारून टाकलं. त्यानंतर अमेरिकेत दोन वर्षं दारोदार फिरून झालं. परत आली, तर पोलिसी मालिकांमधलं प्रेत झाली. आणि पस्तिशी ओलांडल्यावर प्रेताची आई. प्रेताची आई होऊन रडता रडताच तिने लिहायला घेतलं. घोड्यांचा कळप घेऊन एकटी डोंगर ओलांडणाऱ्या एका विधवेची गोष्ट. सहा वर्षं लिहिलं, सात वेळा फाडलं. शेवटी पिप नावाची निर्माती भेटली, तिने विचारलं, "दिग्दर्शन कोण करणार?" टॅम्सिन म्हणाली, "मी." "आणि विधवा?" "तीही मीच."

"म्हणजे स्वतःलाच ओरडणार आणि स्वतःच रडणार," क्लेम म्हणाला, तिने हे सगळं सांगितलं तेव्हा. "घोड्यावर बसता येतं का?"

"नाही."

"झकास!"

आठ आठवडे तो तिला शिकवत होता. रोज पहाटे धुकं असायचं, ओल्या गवताचा वास यायचा, आणि कुरणाच्या मधोमध उभा राहून क्लेम ओरडायचा, "टाच खाली! खांदे सैल! लगाम धरलाय का कपडे वाळत घातलेत?"

"तुम्ही सगळ्यांशी असंच बोलता का?"

"नाही. घोड्यांशी नीट बोलतो."

एकदा रिकिबीत तिचा बूट बसवताना त्याचा हात घोट्यावर जरासा रेंगाळला... आणि दोघंही एकदम बोलायला लागले, पावसाबद्दल. दुपारी त्याच्या गाडीच्या मागच्या फळीवर बसून ती दोघं गरम मटण-पॅटिस खायची. तो थर्मासच्या झाकणातून चहा द्यायचा. झाकण एकच होतं. तिने दुसरा कप कधी आणला नाही, त्यानेही नाही.

"तुम्ही मला 'तू' का म्हणत नाही?" एका दुपारी तिने विचारलं.

"आई म्हणायची, टीव्हीवरच्या माणसांना मान द्यावा."

"आई कुठे असते?"

"गेली. तुमची नर्स मेली त्याच वर्षी." त्याने चहाचं झाकण तिच्याकडे सरकवलं. "तू जिवंत राहायला हवी होतीस. आई शेवटपर्यंत कुरकुरत होती."

त्या 'तू'वर टॅम्सिनला हसावं की रडावं कळेना. तिने फक्त त्याच्या बाहीवरचं गवत काढलं — आणि काढून झाल्यावरही हात तिथेच ठेवला.

ऑक्टोबरात, तिकडच्या वसंतात, शूटिंग सुरू झालं. डोंगरावरचा बर्फ वितळायला लागला होता आणि मिट्टा मिट्टा नावाची नदी रोज बोटभर चढत होती. विधवा घोड्यावरून नदी पार करते, हा सगळ्या चित्रपटाचा गाभा होता. टॅम्सिनला त्या पाण्यात घालायला क्लेम तयारच नव्हता. शेवटी विधवेचा काळा घागरा आणि टोपी घालून तो स्वतः घोड्यावर बसला. सगळं युनिट पोट धरून हसलं. "माझ्याहून बरी दिसतेस," टॅम्सिन म्हणाली. त्याने दोन बोटांनी घागरा उचलून लवून नमस्कार केला.

पहिला टेक सुरेख झाला. घोडा छातीभर पाण्यातून डौलात गेला, पलीकडे चढला. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मग कॅमेऱ्यावाल्याने तोंड वाकडं केलं. भिंगावर पाण्याचा थेंब पडला होता. नेमका मधोमध.

पिपने घड्याळ पाहिलं. उद्या नदीचा परवाना नव्हता, आणि परवा पाऊस सांगितला होता.

टॅम्सिनने कानावरचं यंत्र उतरवलं, वॉकीटॉकी बंद केला आणि ती एकटीच काठाने क्लेमकडे चालत गेली. तो घोड्याचे पाय पुसत होता.

"पाणी चढलंय," तिने काही विचारायच्या आत तो म्हणाला. "सकाळी तो काळा खडक दिसत होता. आता बघ."

खडक दिसत नव्हता. तिलाही दिसलं की दिसत नाही.

"एकदाच, क्लेम."

"नको."

"माझ्यासाठी."

तो सरळ उभा राहिला. "असं नको म्हणूस. दिग्दर्शक म्हणून सांग, म्हणजे मला तोंडावर नाही म्हणता येईल."

तिला थांबता आलं असतं. नंतर रोज तिला तेच आठवायचं — की त्या क्षणात थांबायला जागा होती, वेळ होता, वारासुद्धा पडला होता. पण तिच्या डोळ्यांपुढे सहा वर्षं होती आणि भिंगावरचा तो एक थेंब.

"माझ्यासाठी," ती पुन्हा म्हणाली, आणि त्याच्या गालाला हात लावला.

ओला घागरा झटकून तो खोगिरावर चढला.

नदीच्या मधोमध घोड्याचा पाय घसरला. तो कुशीवर कोसळला, काळं कापड रिकिबीत गुंतलं, आणि प्रवाहाने दोघांनाही खडकावर नेऊन दाबलं. घोडा दोनदा वर आला. क्लेम आला नाही. युनिटमधली मुलं दोरखंड घेऊन पाण्यात उतरली, कुणीतरी किंचाळत होतं, आणि बऱ्याच वेळाने टॅम्सिनला कळलं की आपणच. त्याला बाहेर काढलं तेव्हा तो निळा पडला होता. छाती दाबून दाबून श्वास परत आला. उजवा पाय मात्र गुडघ्याखाली उरलाच नव्हता म्हणायचा. मेलबर्नला हेलिकॉप्टरने नेलं, आणि त्याच संध्याकाळी तो पाय कापला.

घोडा तीन मैल खाली सापडला.

तीन आठवड्यांनी पिप तिच्या घरी आली. कोटसुद्धा न काढता म्हणाली, "सुटलीस. त्याने चौकशी अधिकाऱ्याला जबाब दिलाय. म्हणतो, दुसऱ्या टेकचा आग्रह त्याचाच होता. पाणी ठीक आहे असं त्यानेच तुला सांगितलं. गुरुवारी तुला फक्त 'हो' म्हणायचंय. चित्रपट पुरा होईल."

"आणि त्याचं काय होईल?"

पिप खिडकीकडे बघत म्हणाली, "त्याला पुन्हा कोणी घोड्यांच्या जवळ उभं करणार नाही. पण टॅम, तो आता तसंही..."

वाक्य पुरं करायची तिला गरज वाटली नाही.

टॅम्सिन इस्पितळात गेली. क्लेम भिंतीकडे तोंड करून पडला होता. तो बारीक झाला होता. मनगटं मुलासारखी दिसत होती.

"खोटं का बोललास?"

"सहा वर्षं लिहिलंस ना?"

"क्लेम—"

"माझा पाय गेला. तुझं पिक्चरही गेलं तर दोन्ही फुकट. एक तरी राहू दे." त्याने डोळे मिटले. "जा आता. औषधाने बडबडतो मी. नको ते बोलून जाईन."

त्या रात्रीपासून तिला धड झोप नव्हती. संकलनाच्या खोलीत तिने तो दुसरा टेक एकदाच पाहिला. कॅमेरा कुणी बंदच केला नव्हता. भिंग स्वच्छ होतं. पाण्यात उतरण्याआधी क्लेमने क्षणभर मागे वळून पाहिलं होतं... कॅमेऱ्याकडे नाही, बाजूला. ती जिथे उभी होती तिथे. त्या नजरेत राग नव्हता, भीतीही नव्हती. तिने पडदा बंद केला.

गुरुवारी चौकशीच्या खोलीत अधिकाऱ्याने कागद वाचून दाखवला. "श्री. हॅनिगन यांचं हे म्हणणं तुम्हाला मान्य आहे?"

"नाही," टॅम्सिन म्हणाली. "ते खोटं बोलतायत. त्यांनी नको म्हटलं होतं. दोनदा. पाणी चढलेलं मी डोळ्यांनी पाहिलं होतं, आणि तरी मी त्यांना जायला लावलं."

शेजारी बसलेल्या वकिलाने तिचा हात दाबला. तिने तो सोडवून घेतला.

"कसं जायला लावलंत? हुकूम दिलात?"

"हुकूम दिला असता तर ते गेले नसते." तिने त्या कागदावर हात ठेवला. "त्यांचं माझ्यावर प्रेम आहे हे मला माहीत होतं. मी ते वापरलं."

बाहेर आल्यावर पिपने तिला अडवलं. "ऐकलं होतं का कुणी? एका माणसाने तरी?"

"त्याने ऐकलं होतं."

पुढचं सगळं भराभर झालं. विमा कंपनीने हात वर केले, चित्रपट अर्धाच डब्यात गेला. तिच्यावर खटला झाला, दंड झाला, वर्तमानपत्रांत नर्सच्या पोशाखातला जुना फोटो छापून आला. दिग्दर्शनाचं काम तिला पुन्हा कुणी देईल अशी आशा तिने ठेवली नाही. क्लेमच्या नावावरचा डाग तेवढा पुसला गेला, आणि त्याची भरपाई मंजूर झाली.

एप्रिलमध्ये ती ओमिओला गेली. क्लेम पायऱ्यांवर बसला होता, कुबड्या बाजूला. कुरणात चारच घोडे उरले होते.

"तुला देण्यासारखं माझ्याकडे एकच होतं," तो म्हणाला. 'बैस' मात्र म्हणाला नाही. "तेही रस्त्यावर टाकून दिलंस."

"ते घेऊन मी काय केलं असतं? पडद्यावर लोकांनी तुला बुडताना पाहिलं असतं आणि म्हटलं असतं, वा, काय दृश्य आहे!"

"मला चाललं असतं."

"मला नसतं चाललं." ती खालच्या पायरीशी उभीच होती. "माझं प्रेम आहे तुझ्यावर. हे त्या दिवशी काठावर म्हणायला हवं होतं. त्याऐवजी मी दुसरंच काहीतरी म्हटलं."

त्याने एक कुबडी मांडीवर आडवी घेतली. वाऱ्याने पत्रा वाजत होता.

"माझंही आहे," तो म्हणाला, जणू कुणाची तक्रार सांगत असावा. "आणि तू दिसलीस की पाय दुखतो. जो नाही, तो. आत्ताही दुखतोय. दोन्ही खरं आहे, टॅम्सिन. मी काय करू?"

"जाऊ मी?"

"आज जा." तिने गाडीचं दार उघडलं तेव्हा तो मागून म्हणाला, "महिन्यातून एकदा ये. त्याहून जास्त झेपायचं नाही."

मग ती महिन्यातून एकदा जायला लागली. मधल्या दिवसांत मेलबर्नमध्ये मिळेल ते काम करायची. एका मालिकेत तर परत प्रेताची आई. मे महिन्यात दोघं मिळून जेमतेम वीस वाक्यं बोलली असतील. जूनमध्ये तो तासभर भांडला, आणि मग रडला. जुलैमध्ये तिने घोड्यांना दाणा घातला, तेव्हा तो खिडकीतून ओरडला, "बादली खाली धर, खाली! काही शिकवलंय की नाही मी?" ती बादली धरून तिथेच उभी राहिली, पाठमोरी... तोंड त्याला दिसू नये म्हणून.

ऑगस्टात, ऐन हिवाळ्यात, बर्फाने घाट अडला. ती पोहोचली तेव्हा दुपार कलली होती. क्लेम फाटकापाशी उभा होता. कुबड्या नव्हत्या. नव्या पायावर, एका हाताने खांबाला धरून. ओठ पांढरे पडलेले.

"दीड तास उभा आहे मी इथे," तो दात आवळून म्हणाला.

"अरे मग बसायचं ना! कुणी सांगितलं होतं उभं राहायला?"

"बसलो असतो तर तुझ्यावरचा राग आठवला असता. उभं राहिलं की नुसतं दुखतं."

टॅम्सिनने गाडी तशीच चालू सोडली. ती त्याच्या बाजूला जाऊन उभी राहिली, आणि त्याने खांबावरचा हात काढून तिच्या खांद्यावर ठेवला. सगळा भार टाकून.