बिनआवाजाची राणी

देवासहून सकाळी निघताना माईनं विचारलं, "आजही मरायचंच का गं?"

"हो. धारच्या किल्ल्यात."

"मग पोळी खाऊन जा. रिकाम्या पोटी कोणी मरत नाही आपल्या घरात."

वैभवी हसली, पण दमल्यासारखी. इतिहासाच्या माहितीपटांत आजवर किती राण्या होऊन ती मेली, तिचं तिलाच आठवत नव्हतं. चितेवर, विहिरीत, तंबूत. तोंडी वाक्य एकही नाही. बोलायचा तो मागून कुणीतरी भारदस्त आवाजाचा माणूस. आज मात्र दिग्दर्शक अंबरीशनं कबूल केलं होतं, हा शॉट नीट दे, पुढच्या भागात बोलणारी राणी तूच.

दुपारी ती किल्ल्यातल्या कोंदट दालनात बिछायतीवर निजली. हनुवटीपर्यंत शेला. वटवाघळांचा उग्र वास. अंबरीश पलीकडे, काळ्या कापडाच्या आडोशात डोकं खुपसून, कॅमेऱ्याच्या पडद्याला डोळे लावून बसलेला.

"कॅमेरा चालू राहू दे. भास्कर भिया, सन्नाटा घेऊन टाक."

प्रत्येक जागेची शांतता वेगळी असते. ती थोडी टिपून ठेवायची, मागाहून निवेदनाखाली जोडायला. तेवढा वेळ कुणी श्वाससुद्धा मोठ्यानं घ्यायचा नाही. सगळे थिजले.

"कोण बोलतंय यार?" कानांवर हेडफोन लावलेला भास्कर वैतागला.

कुणीच नाही.

पुन्हा शांतता. पुन्हा त्याचा हात वर. "बाईचा आवाज आहे... वैभवी, तू?"

तिनं मानेनंच नाही म्हटलं. शॉट बिघडला, की बोलणारी राणीही गेली.

भास्कर वाकला आणि हेडफोन काढून त्यानं तिच्या कानांना लावला.

आधी नुसती घरघर. मग अगदी जवळून, जुन्या वळणाचा, थकलेला आवाज...

"फार शिणलीस हो. ऊठ, बाई. आता आम्ही निजतो."

वैभवी कशी उठली, तिला कळलं नाही. हेडफोन भास्करच्या हातात कोंबून ती अनवाणी धावली ती थेट अंबरीशच्या पाठीमागे. तोंड उघडलं, पण शब्द फुटेना. वळून बघायची छाती नव्हती. भास्कर बिछायतीकडे बघत एकेक पाऊल मागे घेत होता.

"भास्कर, फ्रेममधून हट ना भिया!" अंबरीश कापडाआडून ओरडला. मग त्याचा आवाज हळू झाला.

"क्या बात है, वैभवी... बस, अशीच पडून राहा. फक्त डोळे मिट."